एक, तीन, एक, दोन, चार : नाशिकच्या प्रभागाचा निवडणूक इतिहास

चांदवड : डिसेंबर २०२५ मध्ये झालेल्या नगरपरिषदेच्या निवडणुकीत चांदवडच्या मतदाराने तीन मते दिली. दोन मते प्रभागातील दोन नगरसेवकांसाठी आणि एक मत थेट नगराध्यक्षासाठी. त्यानंतर जेमतेम सहा आठवड्यांनी, १५ जानेवारी २०२६ रोजी, मुंबई-आग्रा महामार्गावर साठ-पासष्ट किलोमीटरवर असलेल्या नाशिक महापालिकेच्या मतदाराने चार मते दिली. ती चारही नगरसेवकांसाठी होती. महापौराच्या निवडीत त्याला थेट मत नव्हते. त्याच दिवशी मुंबईच्या मतदाराने मात्र एकच मत दिले. राज्य एक, निवडणूक आयोग एक, राज्यघटनेतील तरतूदही एकच. परंतु प्रत्येक शहरात प्रभागाचा अर्थ निराळा.

एखाद्या मतदारसंघाचा निवडणूक इतिहास म्हणजे त्या भागातील मतदारांनी लोकप्रतिनिधींकडून घेतलेला हिशेब असतो. कोणाला किती वेळा निवडून दिले, कोणाला घरी बसवले, कोणत्या प्रश्नावर मत फिरले, हे त्यातून वाचता येते. हा हिशेब वाचण्यासाठी एक अट असते. मतदारसंघाची हद्द व रचना किमान काही काळ स्थिर राहिली पाहिजे. लोकसभा आणि विधानसभेच्या बाबतीत ही अट बऱ्याच अंशी पाळली गेली आहे. नळ, गटार आणि दिवाबत्ती या रोजच्या प्रश्नांशी जोडलेल्या महापालिकेच्या प्रभागाच्या बाबतीत ती गेल्या पंचवीस वर्षांत पाळली गेलेली नाही. नाशिकचा प्रभाग हे त्याचे ठळक उदाहरण होय.

स्थिर नकाशा काय सांगतो?

तुलनेसाठी प्रथम चांदवड विधानसभा मतदारसंघाकडे पाहता येईल. चांदवड आणि देवळा या दोन तालुक्यांचा हा मतदारसंघ २००८ च्या पुनर्रचनेनंतर आजच्या स्वरूपात आला. त्यानंतर २००९, २०१४, २०१९ आणि २०२४ अशा चार निवडणुका एकाच नकाशावर झाल्या. २००९ मध्ये काँग्रेसचे शिरीषकुमार कोतवाल विजयी झाले. २०१४ मध्ये भारतीय जनता पक्षाचे डॉ. राहुल आहेर यांनी ही जागा जिंकली. २०१९ मध्ये ती राखली आणि २०२४ मध्ये सलग तिसऱ्यांदा ते विधानसभेत गेले. २०१४ आणि २०१९ या दोन्ही वेळी त्यांचे प्रमुख प्रतिस्पर्धी कोतवाल हेच होते.

हाच मतदारसंघ ज्या दिंडोरी लोकसभा मतदारसंघात येतो, त्याचा इतिहासही तितकाच सुवाच्य आहे. अनुसूचित जमातींसाठी राखीव असलेल्या या मतदारसंघातून २००९ व २०१४ मध्ये भाजपचे हरिश्चंद्र चव्हाण आणि २०१९ मध्ये भाजपच्याच डॉ. भारती पवार निवडून आल्या. २०२४ मध्ये राष्ट्रवादी काँग्रेस (शरदचंद्र पवार) पक्षाचे भास्कर भगरे यांनी डॉ. पवार यांचा १,१३,१९९ मतांनी पराभव केला. डिसेंबर २०२३ मध्ये केंद्राने लादलेली कांदा निर्यातबंदी मे २०२४ च्या प्रारंभी उठवली गेली, तरी उत्पादकांचा रोष शमला नव्हता, असे या निकालाचे विश्लेषण त्यावेळी झाले. परंतु त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये चांदवडच्या मतदाराने विधानसभेला पुन्हा भाजपच्याच उमेदवारास निवडून दिले. केंद्राच्या धोरणावरचा राग आणि स्थानिक आमदाराविषयीचे मत यांत मतदाराने फरक केला, असे या दोन निकालांवरून म्हणता येते. नकाशा तोच असल्यामुळेच असे म्हणण्यास आधार मिळतो.

वॉर्ड ते प्रभाग

राज्यघटनेच्या ७४ व्या दुरुस्तीने नागरी स्थानिक स्वराज्य संस्थांना घटनात्मक दर्जा मिळाला. ही दुरुस्ती १ जून १९९३ पासून अमलात आली. नगरपालिका वा महापालिकेतील जागा थेट निवडणुकीने भराव्यात आणि त्यासाठी शहराची प्रादेशिक मतदारसंघांत विभागणी करावी, असे घटनेचा अनुच्छेद २४३-द सांगतो. पाच वर्षांची मुदत, अनुसूचित जाती-जमातींसाठी लोकसंख्येच्या प्रमाणात आरक्षण, महिलांसाठी किमान एकतृतीयांश जागा आणि निवडणुकांसाठी स्वतंत्र राज्य निवडणूक आयोग या तरतुदीही त्याच दुरुस्तीतून आल्या. महाराष्ट्रात हा आयोग १९९४ मध्ये स्थापन झाला.

तथापि, एका प्रभागातून किती सदस्य निवडून द्यायचे, हा निर्णय राज्याच्या कायद्यावर सोपवलेला आहे. मुंबईसाठी १८८८ चा स्वतंत्र कायदा आहे. तेथे एका वॉर्डातून एकच नगरसेवक ही पद्धत कायम राहिली. २०१७ आणि २०२६ या दोन्ही वेळी तेथे २२७ वॉर्डांतून २२७ नगरसेवक निवडले गेले. राज्यातील अन्य महापालिकांना १९४९ चा कायदा लागू आहे. पूर्वी मुंबई प्रांतिक महानगरपालिका अधिनियम म्हणून ओळखला जाणारा हा कायदा आता महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम या नावाने प्रचलित आहे. नगरपरिषदांसाठी १९६५ चा कायदा आहे. प्रभागातील सदस्यसंख्येचा खेळ रंगला तो या दोन कायद्यांत.

प्रभागाची आखणी जनगणनेच्या आकड्यांवरून होते. शहराच्या लोकसंख्येला सदस्यसंख्येने भागून सरासरी काढली जाते आणि प्रभागाची लोकसंख्या त्या सरासरीच्या दहा टक्के आतबाहेर ठेवण्याचा नियम आहे. जनगणनेचे प्रगणक गट शक्यतो फोडले जात नाहीत. रस्ते, नदी, नाले, रेल्वेमार्ग यांना हद्द मानले जाते. प्रारूप जाहीर करून हरकती व सूचना मागवल्या जातात, सुनावणी होते आणि अंतिम रचना प्रसिद्ध होते. क्रमांक देण्याची सुरुवात शहराच्या उत्तरेकडून करून शेवट दक्षिणेकडे करण्याचा प्रघात आहे. त्यामुळे प्रभागांची संख्या बदलली की सर्व क्रमांक नव्याने वाटले जातात. २०१२ मधील प्रभाग क्रमांक १२ आणि २०१७ मधील प्रभाग क्रमांक १२ यांचा भूभाग एकच असेल असे गृहीत धरता येत नाही.

दहा वर्षे प्रशासक, मग पहिली निवडणूक

नाशिक महापालिका ७ नोव्हेंबर १९८२ रोजी अस्तित्वात आली. नाशिक शहरासह नाशिक रोड, देवळाली, सातपूर हा परिसर आणि लगतची खेडी एका प्रशासनाखाली आली. परंतु पहिली निवडणूक होण्यास १९९२ साल उजाडावे लागले. मधली सुमारे दहा वर्षे महापालिकेचा कारभार प्रशासकांच्या हाती होता. १९९२ च्या निवडणुकीनंतर शांतारामबापू वावरे हे शहराचे पहिले महापौर झाले.

१९९२ आणि १९९७ या दोन निवडणुका एकसदस्य वॉर्ड पद्धतीने झाल्या. एका वॉर्डातून एक नगरसेवक, त्याचे घर वॉर्डातच आणि तक्रार घेऊन जाण्याचे ठिकाणही ठरलेले, अशी ती रचना होती. याच काळात महिलांसाठी आणि इतर मागासवर्गीयांसाठी आरक्षण आले. ओबीसींसाठी २७ टक्के जागा राखीव ठेवण्याची तरतूद १९९४ मध्ये झाली. सोडतीने वॉर्ड राखीव झाला, की तेथील विद्यमान नगरसेवकाला शेजारचा वॉर्ड शोधावा लागे किंवा घरातील महिलेला उमेदवारी मिळवून द्यावी लागे.

पंचवीस वर्षांत पाच रचना

२००२ च्या निवडणुकीपूर्वी राज्य सरकारने कायदा बदलला आणि मुंबई वगळता अन्य महापालिकांत तीन सदस्यांचा एक प्रभाग ही पद्धत आणली. नाशिककरांनी २००२ मध्ये प्रथमच एकाच निवडणुकीत तीन नगरसेवकांसाठी मतदान केले. ही पद्धत एकाच निवडणुकीपुरती टिकली. २००७ मध्ये पुन्हा एकसदस्य वॉर्ड आले. त्यावेळी नाशिकमध्ये १०८ वॉर्ड होते.

२०११ मध्ये पुन्हा बदल झाला. २०१२ ची निवडणूक द्विसदस्य प्रभागांतून झाली. ६१ प्रभाग आणि १२२ नगरसेवक अशी रचना होती. या निवडणुकीत महाराष्ट्र नवनिर्माण सेनेने ४० जागा जिंकून सर्वांत मोठा पक्ष होण्याचा मान मिळवला आणि यतीन वाघ महापौर झाले. महिलांसाठी निम्म्या जागा राखीव ठेवण्याचा कायदाही २०११ मध्येच झाला होता. त्याची अंमलबजावणी या निवडणुकीत झाली. प्रत्येक प्रभागातून एक महिला निवडून जाणार, हे द्विसदस्य रचनेमुळे आपोआप साधले गेले.

२०१६ मध्ये चार सदस्यांचा प्रभाग आणला गेला. २०१७ मध्ये नाशिकमधील १२२ जागा केवळ ३१ प्रभागांत सामावल्या. त्यांतील २९ प्रभाग चार सदस्यांचे आणि दोन प्रभाग तीन सदस्यांचे होते. निकालात भाजपला ६६, शिवसेनेला ३५, काँग्रेस व राष्ट्रवादी काँग्रेसला प्रत्येकी ६, मनसेला ५ आणि रिपब्लिकन पक्षाला १ जागा मिळाली. अपक्ष निवडून आले ते अवघे तीन. पाच वर्षांपूर्वी ४० जागा मिळवणारा पक्ष ५ वर आला. या घसरणीमागे पक्षांतरे होती, राज्यातील वारे होते, तशीच दुप्पट मोठ्या प्रभागात उमेदवारांचे पॅनेल उभे करू शकणाऱ्या पक्षाची संघटनशक्तीही होती. यांतील कोणत्या कारणाचा वाटा किती, हे सांगणे कठीण आहे. कारण दोन्ही निवडणुकांचे प्रभागच निराळे होते.

त्यानंतरचा घटनाक्रम अधिकच गुंतागुंतीचा आहे. २०१९ च्या अखेरीस सत्तेवर आलेल्या महाविकास आघाडी सरकारने एकसदस्य पद्धतीकडे परतण्याचे ठरवले. सप्टेंबर २०२१ मध्ये त्याच सरकारने तो निर्णय फिरवून महापालिकांसाठी तीन सदस्यांच्या प्रभागाचा निर्णय घेतला. सदस्यसंख्याही वाढवण्यात आली. त्यानुसार नाशिकमध्ये ४४ प्रभाग आणि १३३ सदस्य अशी रचना तयार झाली. ती कागदावरच राहिली. ऑगस्ट २०२२ मध्ये एकनाथ शिंदे सरकारने ती रद्द करून २०१७ ची रचना व सदस्यसंख्या पुन्हा लागू केली. तत्पूर्वी, मार्च २०२२ मध्ये विधिमंडळाने प्रभागरचनेचे अधिकार राज्य निवडणूक आयोगाकडून राज्य सरकारकडे घेणारा कायदा एकमताने संमत केला होता. या एका प्रश्नावर सत्ताधारी व विरोधक यांच्यात मतभेद नव्हता, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

दरम्यान, ओबीसी आरक्षणाचा प्रश्न न्यायालयात होता. मार्च २०२१ मध्ये विकास किशनराव गवळी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्थानिक संस्थांतील ओबीसी आरक्षणासाठी तिहेरी कसोटी बंधनकारक केली. त्यानंतर बांठिया आयोग, प्रभागरचनेवरील याचिका आणि तारखा यांत वर्षे गेली. मार्च २०२२ मध्ये नाशिक महापालिकेची मुदत संपली आणि शहर पुन्हा प्रशासकाच्या हाती गेले. ६ मे २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निवडणुका घेण्याचा आदेश दिला. पुढे ३१ जानेवारी २०२६ ही अंतिम मर्यादा ठरली. अखेर १५ जानेवारी २०२६ रोजी नाशिकसह राज्यातील २९ महापालिकांसाठी मतदान आणि दुसऱ्या दिवशी मतमोजणी झाली. नाशिकमध्ये रचना २०१७ प्रमाणेच, म्हणजे ३१ प्रभाग व १२२ सदस्य अशी होती. भाजपला पुन्हा स्पष्ट बहुमत मिळाले.

म्हणजे नाशिकच्या मतदाराने १९९२ व १९९७ मध्ये एक, २००२ मध्ये तीन, २००७ मध्ये एक, २०१२ मध्ये दोन आणि २०१७ व २०२६ मध्ये चार नगरसेवक निवडले. लागोपाठच्या दोन निवडणुका समान सदस्यसंख्येच्या प्रभागांतून होण्याचा योग १९९७ नंतर थेट २०२६ मध्ये आला, आणि तोही मध्ये जवळपास चार वर्षे लोकनियुक्त सभागृहच नसताना.

आकड्यांत मोजलेले अंतर

नगरसेवक आणि नागरिक यांच्यातील अंतर किती वाढले, हे साध्या भागाकाराने कळते. २००१ च्या जनगणनेनुसार नाशिक महापालिकेची लोकसंख्या १०,७७,२३६ होती. २००७ मधील १०८ वॉर्डांत ती विभागली, तर एका वॉर्डात सरासरी दहा हजार लोक येतात. २०११ मध्ये लोकसंख्या १४,८६,०५३ झाली. या आकड्याने मोजल्यास ६१ प्रभागांत प्रत्येकी सुमारे २४,४०० लोक होतात. ३१ प्रभागांत हाच आकडा सुमारे ४८,००० वर जातो. एका नगरसेवकामागील सरासरी लोकसंख्या मात्र सुमारे १२,२०० एवढीच राहते. नगरसेवकांची संख्या कमी झालेली नाही. प्रत्येकाचे कार्यक्षेत्र मात्र चारपट झाले आहे. ४८,००० ही २०११ च्या जनगणनेची सरासरी आहे. त्यानंतर शहर किती वाढले, हे त्यात मोजलेले नाही.

या वाढीचा पहिला परिणाम उमेदवारीवर होतो. दहा हजार वस्तीच्या वॉर्डात तालीम, मंडळ, पतसंस्था किंवा वाचनालय यांच्या बळावर एखादा कार्यकर्ता पक्षाविना निवडून येऊ शकतो. अठ्ठेचाळीस हजारांच्या प्रभागात त्याला पक्षाचे चिन्ह, चौघांचे पॅनेल आणि प्रचाराचा मोठा खर्च यांवाचून टिकाव धरणे अवघड जाते.

चार मते कशी मोजली जातात?

बहुसदस्य प्रभागातील जागांना अ, ब, क आणि ड अशी ओळख दिलेली असते. प्रत्येक जागा ही स्वतंत्र निवडणूक असते. 'अ' जागेचा उमेदवार 'ब' जागेच्या उमेदवाराशी लढत नाही. मतदाराने प्रत्येक जागेसाठी एक बटण दाबायचे असते. एखाद्या जागेचा कोणीही उमेदवार पसंत नसेल, तर 'नोटा'चा पर्याय असतो. आरक्षण जागानिहाय पडते. अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती, इतर मागासवर्ग आणि सर्वसाधारण यांपैकी वेगवेगळ्या जागा एकाच प्रभागात असू शकतात. चार सदस्यांच्या प्रत्येक प्रभागात दोन जागा महिलांसाठी असतात.

या पद्धतीच्या समर्थनार्थ मांडले जाणारे मुद्दे अगदीच पोकळ नाहीत. एकसदस्य पद्धतीत आरक्षण फिरले, की संपूर्ण वॉर्डाचा प्रतिनिधी बदलतो. काम करणाऱ्या नगरसेवकाला पुन्हा कौल मागण्याची संधीच मिळत नाही. बहुसदस्य प्रभागात तो त्याच प्रभागातील दुसऱ्या जागेवरून उभा राहू शकतो. प्रत्येक प्रभागाला महिला आणि मागासवर्गीय प्रतिनिधी मिळण्याची शक्यता वाढते. मोठा प्रभाग एका गल्लीच्या वा एका जातीच्या मतांवर जिंकता येत नाही, असेही सांगितले जाते.

आक्षेप उत्तरदायित्वाविषयीचा आहे. प्रभागातील रस्ता चारही नगरसेवकांचा असतो, तेव्हा खड्डा कोणाचा, हा प्रश्न अनुत्तरित राहतो. रस्त्याचे श्रेय घेणारे चार फलक लागतात. पाणी आले नाही, की प्रत्येकाकडे अन्य तिघांचे नाव सांगण्याची सोय असते. अनेक ठिकाणी चौघे जण आपापसात भाग वाटून घेतात. तसे झाले, की व्यवहारात एकसदस्य वॉर्डच तयार होतो. फरक एवढाच की त्याची हद्द कोठेही अधिकृतपणे लिहिलेली नसते. एखादी जागा रिक्त झाली, तरी पोटनिवडणूक संपूर्ण प्रभागात घ्यावी लागते. एप्रिल २०१८ मध्ये नाशिकच्या प्रभाग १३ मधील एका जागेसाठी अशी पोटनिवडणूक झाली आणि मनसेने ती जागा राखली.

इंग्लंडमधील वॉर्ड

बहुसदस्य वॉर्ड ही काही महाराष्ट्राचीच देणगी नव्हे. इंग्लंडमधील अनेक शहरांत ती रुळलेली पद्धत आहे. मँचेस्टर नगर परिषदेत ३२ वॉर्ड आणि ९६ सदस्य आहेत, म्हणजे प्रत्येक वॉर्डातून तीन. परंतु तेथे हे तिघे एरवी एकाच दिवशी निवडले जात नाहीत. सदस्याची मुदत चार वर्षांची असून, चारपैकी तीन वर्षे दर वर्षी प्रत्येक वॉर्डातील एक जागा निवडणुकीस येते; चौथ्या वर्षी परिषदेची निवडणूक नसते. मतदाराला एका वेळी एकाच उमेदवाराविषयी निर्णय घ्यावा लागतो आणि जवळपास दर वर्षी सत्ताधाऱ्यांना कौल घ्यावा लागतो. सर्व जागांची एकत्र निवडणूक होते ती हद्दी नव्याने आखल्यावर. मँचेस्टरमध्ये ती २०१८ मध्ये झाली. त्यावेळी सर्वाधिक मते मिळालेल्यास पूर्ण चार वर्षे, दुसऱ्यास दोन व तिसऱ्यास एक वर्षाची मुदत मिळाली आणि जुने चक्र पुन्हा सुरू झाले.

तेथेही बदल होतात. बर्मिंगहॅममध्ये पूर्वी ४० वॉर्ड व १२० सदस्य होते. परिषदेच्या कारभाराविषयी लॉर्ड केरस्लेक यांनी २०१४ मध्ये दिलेल्या अहवालात निवडणूक पद्धत बदलण्याची शिफारस होती. त्यानुसार २०१८ मध्ये ६९ वॉर्ड व १०१ सदस्य अशी रचना झाली. त्यांतील ३७ वॉर्ड एकसदस्य आणि ३२ द्विसदस्य आहेत. मोठे त्रिसदस्य वॉर्ड मोडून लहान वॉर्ड करण्यात आले आणि सर्व जागांची निवडणूक चार वर्षांतून एकदा घेण्याचे ठरले.

फरक आहे तो निर्णय कोण घेतो यात. इंग्लंडमध्ये वॉर्डांच्या हद्दी आणि सदस्यसंख्या यांचा आढावा स्वतंत्र सीमा आयोग घेतो. सत्ताधारी पक्ष बदलला म्हणून दर निवडणुकीला रचना बदलत नाही. दुसरा फरक लहान वाटतो, पण महत्त्वाचा आहे. तेथील वॉर्डांना नावे असतात आणि हद्द थोडीफार सरकली तरी नाव सहसा टिकते. त्यामुळे एका वॉर्डाचे अनेक दशकांचे निकाल एका यादीत मांडता येतात. कोणत्या वर्षी कोणता पक्ष वाढला, कोणता सदस्य वीस वर्षे टिकला, मतदानाची टक्केवारी कधी घसरली, हे सामान्य नागरिकालाही पाहता येते. नाशिकच्या प्रभागाला केवळ क्रमांक असतो आणि तो क्रमांकही उसना असतो.

चांदवडचा अनुभव

चांदवडसारख्या गावाला बहुसदस्य पद्धत नवी नाही. ग्रामपंचायतीतून नगरपरिषद झालेले हे शहर आहे आणि ग्रामपंचायतीच्या प्रभागातून दोन वा तीन सदस्य निवडण्याची रीत जुनीच आहे. तेथे ती फारशी वादग्रस्त ठरली नाही, याचे कारण आकारात आहे. एका प्रभागात काहीशे घरे असतात. सदस्य कोण हे मतदाराला पाठ असते. नगरपरिषदेचा द्विसदस्य प्रभागही पायी फिरता येईल एवढाच असतो.

लहान शहरांत अस्थिरता आहे ती नगराध्यक्षाच्या निवडीबाबत. २००१ मध्ये थेट नगराध्यक्षाची पद्धत आली, २००६ मध्ये ती गेली. २०१६ मध्ये पुन्हा आली, २०२० मध्ये रद्द झाली आणि २०२२ मध्ये पुन्हा लागू झाली. परिणामी, नगराध्यक्ष जनतेला उत्तर देतो की नगरसेवकांच्या बहुमताला, याचे उत्तर दर काही वर्षांनी बदलते. थेट निवडून आलेला नगराध्यक्ष एका पक्षाचा आणि सभागृहात बहुमत दुसऱ्याचे, असे प्रसंगही राज्यातील नगरपरिषदांनी पाहिले आहेत.

पुढची आखणी

प्रभागरचनेचा प्रश्न येथे संपत नाही. २०१७ आणि २०२६ या दोन्ही निवडणुकांसाठी आधार होता तो २०११ च्या जनगणनेचा. पुढची जनगणना २०२७ मध्ये होत असून तिची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ अशी जाहीर झाली आहे. तिचे आकडे आल्यावर सदस्यसंख्या, हद्दी आणि आरक्षण हे सर्व नव्याने ठरवावे लागेल. वाढत्या शहरात ते अपरिहार्य आणि न्याय्यही आहे. वाढलेल्या वस्तीला तिच्या वाट्याचे प्रतिनिधित्व मिळालेच पाहिजे.

लोकसंख्येमुळे होणारी पुनर्रचना आणि सत्तेच्या सोयीने होणारी पुनर्रचना यांत मात्र फरक केला पाहिजे. नाशिकमध्ये २००२, २००७, २०१२ आणि २०१७ अशा सलग चार निवडणुकांत प्रभागातील सदस्यसंख्या बदलली. या काळात जनगणनेचे नवे आकडे दोनदाच आले. उरलेल्या बदलांचे कारण लोकसंख्येत सापडत नाही. एका जनगणनेपासून दुसरीपर्यंत सदस्यसंख्येचे सूत्र न बदलणे, रचनेचा अधिकार निवडणूक लढवणाऱ्यांपासून दूर ठेवणे आणि प्रभागांना क्रमांकासोबत कायमची नावे देणे या तीन गोष्टी केल्या, तरी प्रभागाचा निवडणूक इतिहास वाचनीय होऊ शकेल. त्यासाठी घटनादुरुस्तीची गरज नाही. पहिल्या दोहोंसाठी राज्याचा कायदा पुरेसा आहे आणि तिसऱ्यासाठी तर तेवढ्याचीही फारशी आवश्यकता नाही.

चांदवडच्या मतदाराला आपल्या आमदाराची २००९ पासूनची कारकीर्द एका कागदावर मांडता येते. नाशिकमध्ये राहणाऱ्या त्याच्याच नातेवाइकाला आपल्या प्रभागाबाबत तसे करायचे म्हटले, तर आधी पाच नकाशे एकावर एक ठेवून आपले घर शोधावे लागते. तूर्त तरी शहरातील मतदाराला ज्या प्रतिनिधीची गरज सर्वांत अधिक वेळा भासते, त्याच्याच कामाचा हिशेब ठेवणे सर्वांत कठीण आहे.